पेटी रेल्वेनं यायची: नागपूरच्या जुन्या टॉकीजांच्या मागावर

शुक्रवार

विदर्भ एक्स्प्रेस नागपूरला लागली तेव्हा सव्वानऊ होऊन गेले होते. फलाटावर चांगलीच थंडी होती. आतेभाऊ घ्यायला आला होता. "चाल दादा, आई चहा मांडून बसली असंन," म्हणाला आणि त्यानं माझी बॅग उचलली. मी म्हटलं, आधी मला पार्सल ऑफिस दाखव. जुन्या टॉकीज बघायला आलेल्या माणसाला पार्सल ऑफिसात काय काम, ते त्याला कळेना. पण नागपूरकर पाहुण्याचं मन मोडत नाही. गेलो.

मी नाशिकचा. दादासाहेब फाळके त्र्यंबकेश्वरचे, आणि 1913 मध्ये दादरहून आपला कारखाना त्यांनी नाशिकलाच हलवला, म्हणून सिनेमाच्या आरंभाच्या गोष्टी आमच्याकडे घराघरांत निघतात. पण त्या सगळ्या सिनेमा बनवण्याच्या. बनलेला सिनेमा गावोगावी पोचला कसा, कुठल्या खोलीत दाखवला गेला, पैसे कोणी मोजले, हे फारसं कोणी सांगत नाही. नागपूरला यायचं कारण हेच. मुंबई, कलकत्ता, मद्रास यांच्यापासून आत, देशाच्या मधोमध असलेल्या शहरात सिनेमा कसा रुजला हे मला पायी हिंडून बघायचं होतं.

त्याची सुरुवात स्टेशनापासूनच करावी लागते. मुंबईकडून येणारी रेल्वे नागपूरला 1867 मध्ये पोचली. पुढे बंगाल नागपूर रेल्वे झाली आणि 1900 मध्ये हावड्यापर्यंत सलग मार्ग तयार झाला. उत्तर-दक्षिण मार्ग 1929 मध्ये पुरा झाला आणि दिल्ली-मद्रास गाडी नागपूरवरून धावू लागली. आज आपण जिच्यासमोर ऑटो पकडतो ती स्टेशनची इमारत 15 जानेवारी 1925 ला, गव्हर्नर सर फ्रँक स्लाय यांच्या हस्ते सुरू झाली. हे सगळं नेमकं त्याच काळात घडत होतं, जेव्हा मूकपट तंबूतून निघून पक्क्या छपराखाली येत होता.

सिनेमा तेव्हा वस्तू होती. पत्र्याच्या डब्यांत गुंडाळलेली रिळं, ते डबे पेटीत, पेटी गार्डाच्या डब्यात किंवा पार्सलच्या व्हॅनमध्ये. हिशेब करून बघा. बोलपटाच्या वेगानं, म्हणजे सेकंदाला 24 चौकटी, मिनिटाला 90 फूट फिल्म पळते. हजार फुटांचं एक रीळ अकरा मिनिटांत संपतं. तीन तासांच्या चित्रपटाला सोळा-सतरा रिळं लागायची. गाडी उशिरा आली की सगळं शहर खोळंबायचं, आणि पेटी चुकून पुढच्या स्टेशनावर गेली तर त्या दिवशीचा खेळच नाही.

सिनेमॅटोग्राफ कायदा 1918 चा. त्याखाली 1920 मध्ये मुंबई, कलकत्ता, मद्रास आणि रंगून इथे सेन्सॉर मंडळं बसली. नागपूर ज्याची राजधानी होतं त्या मध्य प्रांताला स्वतःचं मंडळ नव्हतं. त्यामुळे नागपूरच्या पडद्यावर येणारा पट बाहेरून शिक्का घेऊनच यायचा. आणि नागपूर तर मुंबई आणि कलकत्ता या दोन्ही सिनेमा-राजधान्यांना एकाच रुळांनी जोडलेलं. मुंबईत रोज नव्या कंपन्या निघत होत्या. कलकत्त्याच्या मदन कंपनीनं देशभर थिएटरांची साखळी उभारली होती. दोन्हीकडची पेटी इथे उतरू शकत होती. मला ही गोष्ट फार मोलाची वाटते. नागपूरच्या प्रेक्षकाला एकाच बाजूचा सिनेमा बघण्याची सक्ती भूगोलानंच केली नाही.

पार्सल ऑफिसात आता खोके, मोटारसायकली, संत्र्यांच्या पेट्या. तिथल्या एका ज्येष्ठ हमालाला विचारलं, पिक्चरच्या पेट्या आठवतात का? तो लगेच म्हणाला, "न आठवाले काय झालं जी? शुक्रवारच्या आधी टॉकीजचा माणूस गाडीच्या आधी येऊन उभा राहे. त्याले पेटी दिली का तो हातरिक्षात टाकून पये." एवढं सांगून तो कामाला लागला.

दुपारी एम्प्रेस मिलची जागा बघितली. जमशेटजी टाटांची ही कापड गिरणी 1 जानेवारी 1877 ला सुरू झाली, व्हिक्टोरिया राणीला सम्राज्ञी घोषित केलं त्याच दिवशी, म्हणून ते नाव. शेजारी जुम्मा तलाव, आताचा गांधीसागर, ज्याचं पाणी गिरणीला मिळे. गिरणी बंद पडली, जागेवर एम्प्रेस सिटी मॉल आला आणि त्या मॉलमध्ये मल्टिप्लेक्स. मॉलसमोर उभं राहून मी बराच वेळ विचार केला. सिनेमाला पहिल्यापासून रोजचा प्रेक्षक लागतो, आणि त्या प्रेक्षकाच्या हातात ठरलेल्या दिवशी रोकड पडावी लागते. शेतकऱ्याला पैसा हंगामात मिळतो, गिरणी कामगाराला पगाराच्या दिवशी. जमिनीवर बसून खेळ बघणाऱ्या त्या स्वस्त दराच्या वर्गावरच जुन्या टॉकीजचा गल्ला उभा असायचा. बाल्कनी प्रतिष्ठेची, पण धंदा खालचा. स्टेशनातून पेटी आली आणि गिरणीतून तिकिटाचे पैसे आले. नागपूरच्या टॉकीजांचा पाया मला या दोन जागांत दिसला.

शनिवार

सकाळी तर्री पोहे. तिखट हरभऱ्याची लाल तर्री पोह्यांवर ओतून देतात आणि डोळ्यांत पाणी आलं तरी दुसरी प्लेट मागावीशी वाटते. त्यावर चहा घेऊन मेट्रोनं सीताबर्डी, म्हणजे नागपूरकरांची बर्डी. मुंजे चौकात उतरलो आणि मेन रोडनं हळूहळू व्हरायटी चौकाकडे निघालो.

गर्दी अशी की खांद्याला खांदा. कपडे, चपला, मोबाइलची कव्हरं, मोसंबीच्या रसाच्या गाड्या. वर टेकडीवर किल्ला, 1817 च्या लढाईतला. चौकात गांधीजींचा पुतळा, त्याच्याभोवती कुठल्यातरी मागणीसाठी बसलेली माणसं. आणि चौकाचं नाव व्हरायटी. हे नाव टॉकीजचं. रस्त्यावर बेल्ट विकणाऱ्या पोरग्याला विचारलं तर त्याला ते ठाऊक नव्हतं. त्याच्या शेजारी स्टुलावर बसलेले त्याचे आजोबा मात्र ताडकन म्हणाले, "टॉकीजच्या नावानं चौक हाय बापा. अन् तिकडे रीजंट, तिकडे आनंद, तिकडे जानकी. बर्डीवर माणूस खरेदीले कमी अन् पिक्चरले जास्त ये."

नागपुरात ही गोष्ट पुन्हापुन्हा समोर येते. वर्धा रोडवर पंचशील चौक, सदरमध्ये लिबर्टी टॉकीज चौक, शंकरनगरच्या बाजूला अलंकार टॉकीज चौक. ऑटोवाल्याला तुम्ही राजकीय नेत्याच्या नावाचा अधिकृत चौक सांगा, तो दोन क्षण थांबेल. टॉकीजचं नाव सांगा, मीटर लगेच पडतं. एखाद्या संस्थेनं शहरावर याहून खोल ठसा उमटवल्याचं मला माहीत नाही. आणि तरीही या टॉकीजांवर एक नीट पुस्तक उभं राहिलेलं नाही, याचं मला मनापासून वाईट वाटतं.

चौकाच्या कोपऱ्यावर उभं राहून मी पहिल्या काळाचं चित्र डोळ्यांसमोर आणायचा प्रयत्न केला. मूकपटाचा काळ म्हटलं की लोकांना वाटतं, सगळं शांत. तसं अजिबात नव्हतं. पडद्याच्या बाजूला तबला-पेटीवाले बसायचे, मारामारी आली की ठेका वाढायचा. चित्रांच्या मध्ये अक्षरांच्या पाट्या यायच्या, आणि वाचता न येणाऱ्यांसाठी कोणीतरी त्या मोठ्यानं वाचून दाखवायचं. नागपूर ही मध्य प्रांत-वऱ्हाडची राजधानी, मराठी आणि हिंदी दोन्ही बोलणारी. मूकपटाला याची अडचण नव्हती, कारण वाचणारा समोरची गर्दी बघून भाषा बदलू शकत होता. अडचण आली ती आवाज आल्यावर. पहिला हिंदी बोलपट 14 मार्च 1931 ला मुंबईत मॅजेस्टिकमध्ये लागला. पुढच्याच वर्षी प्रभातनं 'अयोध्येचा राजा' मराठीत आणि हिंदीत असा दोन्ही भाषांत काढला. दोन भाषांची ही सोय नागपूरसारख्या शहरांसाठी किती कामाची होती, हे या चौकात उभं राहिल्यावर पटतं. फेरीवाला गिऱ्हाइकाशी हिंदीत बोलतो, शेजाऱ्याशी मराठीत, आणि आईशी फोनवर वऱ्हाडीत.

बोलपटानं टॉकीजवाल्यांवर मोठा खर्चही टाकला. आवाजाचं यंत्र, ॲम्प्लिफायर, पडद्यामागे लाउडस्पीकर. पत्र्याच्या छपरावर पाऊस पडला की संवाद ऐकू येईना, म्हणून छत बदला. भिंतींवरून आवाज उलटून येतो, म्हणून भिंतींना तरटं लावा. तबला-पेटीवाल्यांची रोजी मात्र एका झटक्यात गेली. त्यातला एखादा दुसरीकडे कुठे वाजवू लागला असेल, एखाद्यानं वाद्य विकलं असेल. त्यांची नावं कुठे नोंदली गेली नाहीत, आणि मला राहूनराहून त्यांचीच आठवण येत होती.

आणखी एक बारीक गोष्ट. फाळक्यांचा पहिला चित्रपट मुंबईच्या कोरोनेशनमध्ये लागला तो 3 मे 1913, शनिवार. 1931 चा तो बोलपटही शनिवारीच लागला. आज शुक्रवार म्हणजे नवा सिनेमा असं आपण धरून चालतो, पण त्या वेळी नव्या खेळाचा दिवस शनिवार होता. योगायोगानं मी बर्डीवर शनिवारीच उभा होतो.

संध्याकाळी आत्याकडे पाटवडी रस्सा. आत्या आता ऐंशीच्या पुढे आहे, पण टॉकीजचा विषय काढल्यावर ताजीतवानी झाली. "आम्ही पोरी बायकांच्या बाजूला बसत होतो. मधे पडदा. अंधार झाला का पडदा सरकवत, अन् इंटरवल व्हायच्या आधी बरोबर लावून टाकत," ती म्हणाली. मग उठून आतल्या खोलीत गेली आणि एक डबा घेऊन आली. आत गाण्यांची पुस्तकं, टॉकीजच्या दारात विकायची ती. आठ-बारा पानं, स्वस्त कागद, मुखपृष्ठावर निळ्या शाईत नायिकेचा चेहरा, मागे तेलाची किंवा बामची जाहिरात. आत गाणी, त्याआधी अर्धी कथा, आणि कथेच्या शेवटी ठरलेली ओळ: पुढे काय होतं ते पडद्यावर बघा. एका पुस्तकाच्या समासात आत्यानं शाळकरी अक्षरात पेन्सिलीनं तारीख, टॉकीजचं नाव आणि बरोबर कोण होतं ते लिहून ठेवलेलं. मी त्या पानाचा फोटो काढला. कुठला चित्रपट नागपूरला मुंबईनंतर किती दिवसांनी पोचला, हे शोधायचं तर असल्या पेन्सिलीच्या ओळींना सरकारी कागदाइतकी किंमत आहे.

रविवार

आज ज्यासाठी आलो होतो ते. एका जुन्या टॉकीजची केबिन आतून बघायला मिळाली. मालकांनी नाव लिहू नका अशी विनंती केली, ती मी पाळतो. तिथे चाळीसेक वर्षं प्रोजेक्टर चालवलेले ऑपरेटरकाका माझ्यासाठी घरून आले. पांढरा शर्ट, खिशात चष्मा.

केबिनला जिना बाहेरून. हे सोयीसाठी केलेलं नसतं, ते आगीसाठी. 1950 पर्यंत सिनेमाची फिल्म नायट्रेटची असे. ती पेटली की स्वतःचा प्राणवायू स्वतःच तयार करते, त्यामुळे पाण्यात बुडवली तरी विझत नाही. म्हणून 1918 च्या कायद्यानं परवाना देताना अशा जागेच्या सुरक्षिततेवर भर दिला. जाड भिंती, लोखंडी दार, आणि प्रेक्षागृहाकडे उघडणाऱ्या छोट्या खिडक्यांवर वरून घसरून पडणारी लोखंडी झडप. झडप धरून ठेवणारा दुवा उष्णतेनं वितळायचा आणि झडप आपोआप बंद व्हायची. इथे ती अजून जागेवर आहे. मी हात लावून बघितली, खाली-वर होते.

दोन प्रोजेक्टर शेजारीशेजारी, जाड कापडाखाली झाकलेले. काकांनी कापड काढलं आणि पहिल्या यंत्राच्या दिवाघराचं दार उघडलं. आत आरसा आणि दोन पकडी. सगळीकडे पांढुरकी राख बसलेली. वर चिमणीसारखा पत्र्याचा नळ, धूर बाहेर न्यायला.

"यात कार्बन लागत," काका म्हणाले. कपाटातून त्यांनी कार्बनच्या दोन कांड्या काढून माझ्या तळहातावर ठेवल्या. एक जाड, एक बारीक, दोन्हींवर तांब्याचा पातळ मुलामा. जाड कांडी धन टोकाला, बारीक ऋण टोकाला. एकमेकींना टेकवून किंचित दूर केल्या की मधल्या फटीत ज्योत पेटते, आणि तिचा उजेड इतका प्रखर की काळ्या काचेतूनच बघायचं. कांड्या जळत जातात, फट वाढत जाते. फट वाढली की पडद्यावरचा उजेड पिवळा पडतो. म्हणून ऑपरेटरनं दर थोड्या वेळानं बाजूची मूठ फिरवून त्या पुन्हा जवळ आणायच्या.

मी विचारलं, तुम्हाला कसं कळायचं फट वाढली ते, पडद्याकडे बघून?

"पडद्यावर पिवळं दिसलं म्हंजे उशीर झाला न जी. आवाजावरून समजे. बरोबर जळे तवा नुसता घूंऽऽ आवाज. लांब गेला का फुरफुरते. फुरफुर ऐकू आली का हात आपोआप मुठीवर जाये. पब्लिकले समजलं नाही पाहिजे, हे उस्तादानं पहिल्या दिवशी सांगतलं होतं मले."

मग रीळ बदलणं. पहिला प्रोजेक्टर चालू असताना दुसऱ्यावर पुढचं रीळ चढवून तयार ठेवायचं. रीळ संपत आलं की पडद्याच्या वरच्या उजव्या कोपऱ्यात क्षणभर एक ठिपका दिसतो. तो दिसला की दुसऱ्या यंत्राची मोटर सुरू करायची. सुमारे सात सेकंदांनी दुसरा ठिपका, आणि त्या ठिपक्याला एकाचा उजेड बंद, दुसऱ्याचा चालू. आपण लहानपणी ते ठिपके हजारदा पाहिले आहेत आणि फिल्म खराब आहे असं समजलो आहोत. त्या प्रत्येक ठिपक्यामागे वर एक माणूस श्वास धरून उभा होता.

काकांनी मला रिकाम्या यंत्रावर सगळी क्रिया करून दाखवली. बोटं अजून न बघता दातेरी चाकांतून वाट काढतात. वरचं चाक, मग एक सैल वळसा, मग उजेडासमोरची चौकट, खाली पुन्हा वळसा, मग आवाजाच्या पिंपावरून खालच्या चक्रावर. ते दोन सैल वळसे सगळ्यात महत्त्वाचे. चाकांवर फिल्म अखंड पळत असते, पण चौकटीपाशी ती सेकंदाला चोवीस वेळा थांबते आणि चोवीस वेळा झटक्यानं पुढे जाते. वळसा राहिला नाही तर तिथेच फाटणार. फाटली की खाली शिट्ट्या, आणि वर कात्री, ब्लेड, फिल्म चिकटवायचं सिमेंट. "एक मिनिटात जोडली नाही तर खुर्च्या तुटत," काका म्हणाले, आणि त्यांचा चेहरा त्या आठवणीनं आजही ताणला गेला.

या काकांचं कौशल्य कुठल्याही कलेइतकं मोठं आहे असं मी मानतो. दिग्दर्शकाचं नाव पाटीवर येतं, गायकाचं येतं. पण नागपूरच्या माणसानं जो सिनेमा बघितला तो या हातांनी रोज नव्यानं घडवलेला होता. उजेड कमी-जास्त झाला असता तर नायिकेचा चेहराच वेगळा दिसला असता.

कार्बन जाऊन झेनॉनचे दिवे आले. मग 2010 नंतरच्या चार-पाच वर्षांत फिल्मच गेली, खेळ उपग्रहावरून किंवा हार्ड डिस्कवर येऊ लागला. केबिनच्या दुसऱ्या कोपऱ्यात तो डिजिटल प्रोजेक्टर एसीच्या गार हवेत बसलाय. एक कळ दाबली की चालतो. काका त्याच्याकडे बघतसुद्धा नव्हते.

खाली मॅटिनी सुटली. आम्ही खिडकीतून पाहिलं. शेकडो खुर्च्या, आणि बाहेर पडणारी माणसं मोजता येतील इतकी.

सोमवार

सकाळी महाल. बडकस चौकाच्या बाजूला नरसिंग टॉकीज, पलीकडे राजविलास. भोसल्यांचं जुनं शहर, अरुंद रस्ते, कोष्ट्यांच्या वस्त्या जवळ. बर्डीचा प्रेक्षक आणि महालचा प्रेक्षक वेगळा होता हे इथे कळतं. बर्डीवर कचेरीतले, कॉलेजातले, इंग्रजी चित्रपट बघणारे. महालात कुटुंबच्या कुटुंबं, पौराणिक खेळाला हळदी-कुंकू लावून आलेल्या बायका. दुपारी सदरला लिबर्टी आणि स्मृती बाहेरूनच पाहिल्या. सदर ही जुन्या साहेबी वस्तीची बाजू, ते रस्त्यांच्या रुंदीवरूनही दिसतं.

करमणूक कराचा धागाही इथेच सुटला. मध्य प्रांत-वऱ्हाडचा करमणूक शुल्क कायदा 1936 चा. म्हणजे त्या सालापासून नागपूरच्या प्रत्येक तिकिटाचा हिशेब सरकारदरबारी जाऊ लागला. 2017 मध्ये जीएसटी आला तोवर कुठल्या ना कुठल्या रूपात तो कर चालू होता. इतक्या वर्षांच्या वह्यांत कुठली टॉकीज कधी उघडली, किती आसनं, कुठल्या खेळाला किती गर्दी, सगळं असणार. परवान्यांच्या फायली जिल्हा कचेरीत. हे कागद रद्दीत जाण्याआधी विद्यापीठातल्या इतिहासाच्या कुणा विद्यार्थ्यानं हा विषय घ्यावा, असं मी आत्याच्या नातीला सांगून ठेवलंय. ती एम.ए. करते आहे आणि तिनं वही काढून लिहून घेतलं.

एक गोष्ट मला गाडीत बसेपर्यंत सोडत नव्हती. मध्य प्रांत-वऱ्हाड हा प्रांत नकाशावरून केव्हाच गेला. 1956 ला विदर्भ मुंबई राज्यात आला, 1960 ला महाराष्ट्रात. पण सिनेमाच्या धंद्यात वितरणाचा जो इलाखा आहे त्याला आजही सीपी-बेरार, म्हणजे इंग्रजीत मध्य प्रांत-वऱ्हाडच, म्हणतात, आणि विदर्भ त्यातच धरतात. मुंबई सर्किट वेगळं, हे वेगळं. वितरकांच्या मध्यवर्ती संघटनेचं ठाणं भुसावळला, कारण तेही रेल्वेचं जंक्शन.

पुढच्या खेपेला कामठी. तिथली छावणी 1821 ची, गोऱ्या पलटणींची, आणि पलटण तिथे करमणुकीची सोय आलीच. ऑपरेटरकाकांचे उस्ताद काम शिकले ते कामठीत, असं ते निघताना म्हणाले. त्यांच्याकडे उस्तादांचा एक फोटो आहे, तो शोधून ठेवतो म्हणालेत.